सवाईचे अर्थकारण: गाणे तेवढेच, खर्च मात्र दरवर्षी वाढता

डिसेंबर जवळ आला की पुण्यात दोन चर्चा हमखास सुरू होतात. यंदा सवाईला कोण गाणार ही पहिली, आणि तिकीट केवढ्याला ही दुसरी. पहिल्या चर्चेत जाणकार बोलतात, दुसऱ्या चर्चेत सगळेच बोलतात. ‘इतके प्रायोजक असताना तिकीट कशाला’, ‘रात्रभराची मैफल बंद का केली’, ‘भीमसेनजींच्या काळी असे नव्हते’ ही वाक्ये दरवर्षी ऐकू येतात आणि त्यांना मिळणारी उत्तरे बहुधा भावनेच्या भाषेत असतात. सवाई गंधर्व भीमसेन महोत्सवासारखा मोठा वार्षिक संगीतसोहळा पैशाच्या अंगाने कसा चालतो, तो मोठा झाल्यावर स्वस्त का होत नाही आणि वाढत्या खर्चाचा भार शेवटी कोणाच्या खांद्यावर जातो, हे समजून घेतले तर या तक्रारींतली कोणती रास्त आहे आणि कोणती नाही, हे ज्याचे त्याला ठरवता येईल.

पुण्यतिथीचा महोत्सव झाला

किराणा घराण्याचे गायक रामभाऊ कुंदगोळकर, म्हणजेच सवाई गंधर्व, यांचे सप्टेंबर १९५२ मध्ये निधन झाले. त्यांच्या पहिल्या पुण्यतिथीच्या निमित्ताने, १९५३ मध्ये, शिष्यांनी आणि चाहत्यांनी पुण्यात संगीतसभा भरवली आणि तिचे रूपांतर दरवर्षीच्या महोत्सवात झाले. आर्य संगीत प्रसारक मंडळ ही संस्था तो भरवते. पंडित भीमसेन जोशी यांनी गुरूच्या नावाचे हे व्रत अखेरपर्यंत चालवले. गंगूबाई हनगल, फिरोज दस्तूर ही गुरुभावंडेही त्यात होती. जानेवारी २०११ मध्ये भीमसेनजी गेले आणि महोत्सवाच्या नावात सवाई गंधर्वांच्या बरोबरीने त्यांचेही नाव आले.

अर्थकारण समजून घेताना हे मूळ विसरून चालत नाही. गुरूच्या पुण्यतिथीला शिष्य जो गातो, त्याला आपल्याकडे ‘हजेरी’ म्हणतात. हजेरीला बिदागी ठरवत नाहीत, कारण ती सेवा असते. अशा सभेला खर्च असतो, पण किंमत नसते. सतरंज्या, दिवे, चहा, बाहेरगावाहून आलेल्यांची सोय एवढे कोणीतरी उचलले की झाले. हाच सोहळा हजारो श्रोत्यांचा झाला, देशभरातले कलाकार येऊ लागले, मुक्काम-प्रवास-ध्वनिव्यवस्था-सुरक्षा असे एकेक खाते उघडत गेले, तसतशी सेवेची जागा व्यवहाराने घ्यायला सुरुवात केली. आजही सवाई पूर्णपणे व्यवहार झालेला नाही आणि पूर्णपणे सेवाही उरलेला नाही. त्याच्याविषयीचे बहुतेक वाद या मधल्या अवस्थेतून निघतात.

एक किरकोळ हिशेबही इथेच सांगून टाकतो, कारण तो अनेकांना चकवतो. १९५३ पासून मोजले तर डिसेंबर २०२५ चा महोत्सव ७३ वा असायला हवा होता, पण तो ७१ वा होता. कोविडमुळे २०२० आणि २०२१ असे दोन महोत्सव झाले नाहीत. त्याआधी २००९ मध्ये स्वाइन फ्लूच्या साथीमुळे तो पुढे ढकलून जानेवारी २०१० मध्ये घ्यावा लागला होता. असे वर्ष हुकणे संयोजकांना किती महागात पडते, ते खर्चाच्या रचनेवरून कळते.

मांडव एकदाच पडतो

कोणत्याही कार्यक्रमाचा खर्च दोन भागांत विभागता येतो. श्रोते कितीही आले तरी जो बदलत नाही तो स्थिर खर्च, आणि माणसागणिक वाढतो तो बदलता खर्च. लग्न ज्यांनी काढले आहे त्यांना हे वेगळे समजवावे लागत नाही. कार्यालयाचे भाडे, मांडव, वाजंत्री हे दोनशे पाहुणे आले काय आणि पाचशे आले काय, सारखेच द्यावे लागते. पाने मात्र माणसे मोजून वाढतात.

लग्नात पानांचा खर्च मोठा असतो. संगीत महोत्सवात उलट असते. भव्य मांडव, रंगमंच, ध्वनिक्षेपण, मोठे पडदे, जनरेटर, अग्निशमनाची सोय, सुरक्षारक्षक, तात्पुरती स्वच्छतागृहे, मैदानाचे भाडे, कलाकारांचे आणि साथीदारांचे मानधन आणि प्रवास, हे जवळजवळ सगळे स्थिर खर्चात मोडते. अगदी शेवटी येऊन भारतीय बैठकीत मांडी घालून बसणाऱ्या श्रोत्यामुळे संयोजकांचा खर्च जवळपास काहीच वाढत नाही.

या रचनेचा फायदा असा की मांडव भरला तर दरडोई खर्च झपाट्याने खाली येतो, आणि म्हणून जागा मोठी असेल तर तिकीट कमी ठेवता येते. तोटा असा की हा खर्च बहुतांशी महोत्सवाच्या आधी होऊन बसतो. मांडवाचे खांब रोवल्यावर साथ आली, अवकाळी पाऊस आला, परवानगी अडली, तर पाने वाचतात पण मांडवाचे पैसे वाचत नाहीत. डिसेंबरात पुण्यात पाऊस सहसा नसतो, हवा थंड आणि कोरडी असते. उघड्या मैदानावरच्या कार्यक्रमासाठी हा महिना म्हणूनच सोयीचा.

शनिवार पेठेतल्या रमणबागेच्या मैदानावर कित्येक वर्षे हा महोत्सव होत असे. २०१८ मध्ये तो मुकुंदनगरला महाराष्ट्रीय मंडळाच्या क्रीडा संकुलात गेला. पेठेतल्या जुन्या श्रोत्यांना ते लागले, कारण पायी जाता येणारी मैफल रिक्षाच्या अंतरावर गेली. पण स्थिर खर्चाचे गणित डोळ्यांसमोर ठेवले की मोठ्या जागेचा मोह समजतो.

ख्याल लवकर संपवता येत नाही

आता मूळ दुखण्याकडे येऊ. विल्यम बॉमोल आणि विल्यम बोवेन या अमेरिकी अर्थशास्त्रज्ञांनी १९६६ मध्ये नाटक, संगीत, नृत्य अशा रंगमंचीय कलांच्या खर्चाचा अभ्यास मांडला. त्यातून पुढे आलेल्या कल्पनेला ‘बॉमोलचा खर्चरोग’ म्हणतात. नाव भीतिदायक असले तरी कल्पना साधी आहे.

यंत्रमाग आला आणि एका विणकराच्या हातून दिवसाला कितीतरी पट कापड निघू लागले. संगणक आला आणि बँकेतला एक कारकून पूर्वीच्या अनेकांचे काम उरकू लागला. एका माणसाच्या एका तासात अधिक काम निघते, म्हणून त्या क्षेत्रांत पगार वाढले तरी वस्तू महाग होतेच असे नाही. गाण्यात हे होत नाही. विलंबित, म्हणजे संथ, एकतालातला बडा ख्याल आणि पाठोपाठ द्रुत, म्हणजे जलद, बंदीश नीट मांडायला १९५३ मध्ये जेवढा वेळ आणि जेवढी माणसे लागत, तेवढाच वेळ आणि तेवढीच माणसे आजही लागतात. मुख्य गायक, तबल्याला एक, हार्मोनियमला एक, मागे दोन तंबोरे. दोघांचे काम एकाला करता येत नाही आणि पाऊण तासाचे गाणे पंधरा मिनिटांत ‘उरकले’ तर ते गाणेच राहत नाही.

पण तबलजीलाही इतरांसारखेच घरभाडे भरायचे असते, मुलांची फी द्यायची असते. बाकीच्या समाजाचे उत्पन्न वाढत असताना त्याचे मानधन जुन्याच जागी राहिले, तर त्याचा मुलगा तबला सोडून संगणक अभियंता होईल, आणि तसे झालेले आपण आजूबाजूला पाहतोच. म्हणजे मानधन वाढणे अटळ, पण त्या बदल्यात जास्त गाणे मिळणे अशक्य. यात कोणाची उधळपट्टी नसते, कोणाची लबाडीही नसते. ताज्या, समोर बसून ऐकायच्या गाण्याचा खर्च बाकीच्या महागाईपेक्षा जास्त वेगाने वाढत राहतो, एवढाच याचा अर्थ.

या वाढीचा काही भाग कलाकार स्वतःच्या अंगावर घेतात आणि त्याची नोंद कुठल्याच हिशेबात होत नाही. ‘सवाईला गायलो’ हे वाक्य एखाद्या तरुण गायकाच्या परिचयपत्रात आले की पुढच्या कित्येक मैफलींची दारे उघडतात. त्यामुळे इथले मानधन बाजारभावाला धरून असावे असा आग्रह तो धरत नाही; काही ज्येष्ठांना या मंचाविषयी जुना जिव्हाळा असतो. अर्थशास्त्राच्या भाषेत कलाकार इथे श्रोत्याला अनुदान देत असतो. हजेरीची जुनी प्रथा अशी नव्या रूपात टिकून आहे, मात्र तिच्यावर किती काळ विसंबावे याला मर्यादा आहे. नावाजलेल्या तरुण कलाकाराला त्याच आठवड्यात एखाद्या कंपनीच्या सोहळ्यात किंवा परदेशात कितीतरी जास्त मिळत असेल, तर प्रतिष्ठेचे वजन हळूहळू कमी होणारच.

रात्र गेली आणि दिवस वाढले

सवाई मुळात रात्रीचा महोत्सव होता. तीन रात्री, रात्री सुरू होऊन उजाडेपर्यंत. शाल, थर्मास, सतरंजी घेऊन बसलेली माणसे पहाटेच्या भैरवीनंतर थेट कामावर जात, अशा आठवणी सांगणारे श्रोते अजून भेटतात. हे बदलले ते ध्वनिप्रदूषणाच्या नियमांमुळे. केंद्र सरकारने २००० मध्ये हे नियम केले आणि सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये त्यांची अंमलबजावणी कडक केली. उघड्या जागेत रात्री १० ते सकाळी ६ ध्वनिक्षेपक वापरता येत नाही. सण आणि सांस्कृतिक कार्यक्रमांसाठी राज्य सरकारला वर्षातून जास्तीत जास्त १५ दिवस ही वेळ मध्यरात्री १२ पर्यंत वाढवता येते. हे पंधरा दिवस गणेशोत्सव, नवरात्र, शिवजयंती, वर्षाअखेर अशा सगळ्यांत वाटले जातात.

सवाईचे हल्लीचे वेळापत्रक या नियमातून घडले आहे. बुधवार ते रविवार असे पाच दिवस. पहिल्या दिवशी दुपारी ३ ते रात्री १०, मग दोन दिवस दुपारी ४ ते १०, शनिवारी ४ ते १२ आणि रविवारी दुपारी १२ ते रात्री १०. बेरीज केली तर ३७ तास होतात. तीन रात्रींच्या काळात रात्री ९ ते सकाळी ६ असे धरले तर २७ तास भरत. म्हणजे गाणे कमी झाले असे नाही, उलट वाढलेच. पण पूर्वी मांडव, माणसे आणि दिवे तीन रात्रींत जे काम करत, त्याला आता पाच दिवस राबतात. एका रात्रीत ९ तास गाणे मिळे, आता दिवसाला सरासरी साडेसात तासही मिळत नाही. सुरक्षारक्षकाची पाळी, कलाकारांचे मुक्काम, वीज, स्वच्छता हे दिवसाच्या हिशेबाने मोजले जाते. म्हणून गाण्याच्या दर तासामागे पडणारा खर्च वाढला.

दुसरा परिणाम श्रोत्यांच्या वेळेवर झाला. रात्री ९ च्या मैफलीला नोकरदार माणूस काम आटोपून, जेवून येऊ शकत असे. गुरुवारी दुपारी ४ वाजता कोण येणार? निवृत्त माणसे, विद्यार्थी, रजा टाकणारे दर्दी आणि बाहेरगावाहून मुद्दाम आलेले. पहिल्या कलाकाराच्या वेळी मांडव विरळ आणि साडेसातनंतर पाय ठेवायला जागा नाही, हे दृश्य त्यामुळे दिसते. पहिली जागा बहुतेकदा नव्या कलाकाराला मिळते, म्हणजे ज्याला श्रोत्यांची सर्वांत जास्त गरज त्याला सर्वांत कमी श्रोते.

तिसरा परिणाम रागांवर झाला, कारण रागांच्या गाण्याच्या वेळा परंपरेने ठरलेल्या असतात. मध्यरात्रीनंतरचा दरबारी, पहाटेचा ललित, सकाळची तोडी यांना मांडवात वेळच उरला नाही, आणि यमन, पूरिया धनाश्री, बागेश्री यांच्या वेळेत गर्दी झाली. दुसरीकडे रविवारी दुपारपासून सुरुवात झाल्यामुळे सारंग, भीमपलास, मुलतानी यांना हक्काची जागा मिळाली. रात्रीच्या महोत्सवात त्यांना ती मिळणे शक्य नव्हते. जुने श्रोते हे सहसा सांगत नाहीत, म्हणून नोंदवून ठेवतो.

‘मग बंद सभागृहात का घेत नाहीत?’

हा प्रश्न चांगला आहे, कारण नियमातच त्याची सोय आहे. रात्रीची बंदी उघड्या जागेला आहे. बंद प्रेक्षागृहात, आवाज बाहेर जात नसेल तर, ती लागू होत नाही. कोलकात्याची डोव्हर लेन संगीत परिषद १९५० च्या दशकापासून चालू आहे आणि ती नजरुल मंच या सभागृहात रात्रभर चालत आली आहे. म्हणजे रात्र वाचवता येते.

पण वाचवायची कशाच्या मोबदल्यात? पुण्यातल्या बालगंधर्व रंगमंदिरात सुमारे एक हजार माणसे बसतात. शहरातले मोठ्यात मोठे सभागृह घेतले तरी मैदानावरच्या मांडवाची सर त्याला येणार नाही. श्रोते कमी झाले की स्थिर खर्च थोड्या माणसांत वाटला जातो आणि तिकीट काही पटींनी चढते. शिवाय सभागृहात ठरीव खुर्च्या असतात. सतरंजीवर सरकून आणखी दोघांना जागा करून देता येत नाही. पुढच्या रांगेत सोफे, मागे खुर्च्या आणि मधोमध जमिनीवर पसरलेली स्वस्त भारतीय बैठक, या रचनेत एकाच मांडवात वेगवेगळ्या ऐपतीची माणसे मावतात. सोफ्यावरचा माणूस जास्त पैसे देतो आणि त्यातून बैठकीवरच्या विद्यार्थ्याचे तिकीट आवाक्यात राहते. सभागृहात गेल्यास रात्र परत मिळेल, पण हा विद्यार्थी बाहेर राहील. मला विचाराल तर हा सौदा घाट्याचा आहे, आणि दरबारी ऐकायचे राहून गेल्याची खंत धरूनही मी असेच म्हणेन.

‘कोल्डप्लेला पैसे आहेत, मग सवाईला का नाहीत?’

जानेवारी २०२५ मध्ये नवी मुंबईच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर कोल्डप्ले या ब्रिटिश बँडचे तीन कार्यक्रम झाले आणि हजारो रुपयांची तिकिटे हातोहात गेली. लोकांकडे पैसा आहे हे त्यातून दिसलेच. मग सवाईने तिकीट वाढवून प्रायोजकांची गरजच का संपवू नये?

पहिली अडचण करांत आहे. संगीताच्या कार्यक्रमाचे तिकीट माणशी ५०० रुपयांपर्यंत असेल तर त्यावर वस्तू व सेवा कर लागत नाही. ५०० च्या पुढे गेले की वरच्या रकमेवर नव्हे, सगळ्या रकमेवर १८ टक्के कर लागतो. करासह ६०० रुपयांचे तिकीट ठेवले तर संयोजकांच्या हाती ५०८ रुपये येतात. श्रोत्याने शंभर जास्त मोजायचे, महोत्सवाला आठ जास्त मिळायचे, बाकीचे सरकारजमा. स्वस्त तिकिटे या रेषेच्या अलीकडे ठेवणे किंवा मग महाग तिकिटे बरीच पलीकडे नेणे, हेच शहाणपणाचे ठरते. मधला दर कोणाच्याच फायद्याचा नसतो.

दुसरी गोष्ट, फिरता बँड आणि स्थानिक महोत्सव यांचा व्यवसाय वेगळा असतो. फिरत्या कार्यक्रमाची तयारी एकदा होते आणि तो खर्च अनेक शहरांत वाटला जातो. श्रोताही आयुष्यात एकदाच येणार असतो, म्हणून खिसा सैल सोडतो. सवाईचा श्रोता दरवर्षी येतो आणि पाचही दिवस येतो. त्याला एकदा दुखावले की तो पुढची वीस वर्षे येत नाही.

तिकीट वाढवत नेले तर काय होते याचे एक उदाहरण इंग्लंडमध्ये आहे. सॉमरसेट परगण्यातल्या मायकेल ईव्हिस या दूधव्यावसायिक शेतकऱ्याने १९७० मध्ये स्वतःच्या शेतावर ग्लास्टनबरी महोत्सव सुरू केला, तेव्हा तिकीट १ पौंड होते आणि शेतावरचे दूध त्यात फुकट. २०२५ मध्ये ते तिकीट ३७३ पौंड ५० पेन्स झाले. महागाई धरली तर जुन्या १ पौंडाचे आज फार तर वीस-बावीस पौंड होतील, म्हणजे बाकीची वाढ महागाईची नाही. पहिल्या वर्षीच्या दीड हजार माणसांची दोन लाखांवर गेली, रंगमंच कैक पटींनी वाढले, शेताला कुंपण आले आणि एका गावाएवढी पाण्याची, आरोग्याची, पोलिसांची व्यवस्था उभी करावी लागली. मोठेपणाचाही एक खर्च असतो आणि तो श्रोतेसंख्येच्या पुढे धावतो. तरीही तिकिटे तासाभराच्या आत संपतात, म्हणून ग्लास्टनबरीला हे परवडते. जमिनीला विसावा देण्यासाठी २०२६ मध्ये महोत्सव घ्यायचाच नाही, हेही त्यांना परवडते. शास्त्रीय संगीताच्या श्रोत्यांची संख्या एवढी नाही आणि त्यांतले पुष्कळ निवृत्तिवेतनावर आहेत.

‘प्रायोजकांच्या पाट्या कशाला हव्यात?’

शास्त्रीय मैफलीत तंबोरे लावायला वेळ लागतो. एक कलाकार उठतो, दुसरा बसतो, तबल्यावर हातोडी पडते, ध्वनिव्यवस्थेचा माणूस हार्मोनियमजवळचा माइक दोन बोटे मागे सरकवतो, आणि मांडव चहाकडे वळतो. मधल्या त्या वेळात पडद्यावर जाहिराती येतात. अनेकांना त्या खुपतात. पण हिशेब बघितला तर मैफलीतला हाच एक वेळ असा आहे की गाण्याला धक्का न लावता विकता येतो.

यावर एक सूचना वारंवार येते की कंपन्यांनी सामाजिक उत्तरदायित्वाच्या निधीतून पैसे द्यावेत, म्हणजे पाट्या लावाव्या लागणार नाहीत. कंपनी कायद्यानुसार ठरावीक आकाराच्या कंपन्यांना मागील तीन वर्षांच्या सरासरी नफ्याच्या २ टक्के रक्कम समाजकार्यावर खर्च करावी लागते, आणि कला-संस्कृतीचे जतन त्या यादीत आहे. पण जाहिरातीचा लाभ मिळवण्यासाठी दिलेले प्रायोजकत्व या खर्चात धरता येत नाही, असे नियम सांगतात. म्हणजे कंपनीला एकतर गाजावाजा न करता द्यावे लागेल किंवा जाहिरात खात्यातून द्यावे लागेल. दुसऱ्या खात्यातला पैसा तुलनेने सहज सुटतो, आणि त्याबरोबर पाटी येतेच. शाळा आणि दवाखान्यांशी स्पर्धा करत पहिल्या खात्यातून संगीताला वाटा मिळवणे कठीण असते.

सरकारी मदतीचे उदाहरणही आपल्या शेजारीच आहे. ग्वाल्हेरचा तानसेन समारोह मध्य प्रदेश सरकारचा संस्कृती विभाग भरवतो आणि श्रोत्याला तिथे तिकीट नसते. तिथला खर्च करदाता उचलतो. पुण्यात तो श्रोता, प्रायोजक आणि कलाकार मिळून उचलतात. सरकारी पैशाबरोबर सरकारी निवडही येण्याची शक्यता असते. कोणाला बोलवायचे हे ठरवण्याचे स्वातंत्र्य सवाईने आजवर जपले आहे आणि त्याची किंमत तिकिटात आणि पाट्यांत मोजली जाते, एवढे ध्यानात ठेवावे.

‘ऑनलाइन दाखवून पैसे मिळवा’

खर्चरोगावर हा एकच उतारा असा आहे की जो तत्त्वतः लागू पडतो. ख्याल तेवढाच वेळ घेईल, पण तो एका मांडवाऐवजी पुणे, नागपूर, लंडन आणि न्यू जर्सीतल्या घरांत एकाच वेळी ऐकला जाईल. परदेशी गेलेली मराठी माणसे डिसेंबरात हळहळतात, त्यांच्यासाठी हे वरदानच ठरेल.

व्यवहारात दोन गाठी आहेत. कॉपीराइट कायद्याप्रमाणे सादरीकरणावर कलाकाराचा स्वतःचा हक्क असतो. त्याच्या संमतीशिवाय ध्वनिमुद्रण वा प्रक्षेपण करता येत नाही, आणि २०१२ च्या दुरुस्तीनंतर व्यावसायिक वापरातून त्याला वाटाही मागता येतो. हे न्याय्यच आहे, पण पाच दिवसांतल्या प्रत्येक कलाकाराशी आणि साथीदारांशी वेगळा करार करायचा तर ते मोठे काम होते. दुसरी गाठ बाजाराची. त्याच कलाकाराचा तोच राग इंटरनेटवर फुकट उपलब्ध असतो. तो ऐकणारा माणूस थेट प्रक्षेपणासाठी पैसे मोजेल का? थोडे मोजतील. त्या थोड्यांतून मांडवाचे भाडे निघेल असे मला वाटत नाही.

दोन तासांची किंमत

यातून पुढे पाहायचे तर माझ्या मते सर्वांत परिणामकारक मदत पैशाच्या रूपात असण्याची गरज नाही. निव्वळ समजण्यासाठी धरू की पाच दिवसांचा स्थिर खर्च १ कोटी रुपये आहे. ३७ तासांत तो ताशी सुमारे २ लाख ७० हजार पडतो. शनिवारप्रमाणे शुक्रवारीही १२ पर्यंत परवानगी मिळाली, तर ३९ तासांत तो २ लाख ५६ हजारांवर येईल. एका मोठ्या मैफलीला जागा होईल, नोकरदारांना आणखी एक संध्याकाळ सापडेल आणि रात्रीच्या रागांना दोन तास मिळतील. मांडव, दिवे, खुर्च्या तिथे आधीच असतात. वाढीव खर्च त्या एका कलाकाराच्या मानधनाचा आणि कर्मचाऱ्यांच्या जादा पाळीचा.

यावर सर्वांत सबळ आक्षेप मुकुंदनगरमधल्या रहिवाशाचा असेल आणि तो डावलण्याजोगा नाही. ज्या नियमाने भैरवीची पहाट हिरावली, तोच नियम त्याला वर्षभर भिंती हादरवणाऱ्या स्पीकरपासून वाचवतो. सवाईला सवलत दिली तर इतर मंडळे कोणत्या तोंडाने नाकारायची, हा प्रश्न जिल्हाधिकाऱ्यांपुढेही असतो. पण पंधरा दिवसांची मर्यादा न ओलांडता, आतल्या वाटपात एक दिवस इकडचा तिकडे करता येतो का, हे विचारायला हरकत नाही. ते विचारायचे तर पुढच्या वर्षीच्या सवलतीच्या दिवसांची यादी ठरण्याआधी विचारावे लागेल. डिसेंबरात तिकिटांचे दर जाहीर झाल्यावर उशीर झालेला असतो.